बर्नार्ड तारा: ०.६९चा चोर सापडला

बर्नार्ड ताऱ्याचा पॅरलॅक्स (पृथ्वी सूर्याभोवती फिरते तसा जवळचा तारा दूरच्यांपुढे सरकलेला दिसतो, तो कोन; त्यावरून अंतर निघतं) मी घरच्या दुर्बिणीने मोजला होता. मागच्या नोंदीतला तो ०.६९ सेकंद (कोनाचा सेकंद, अंशाचा ३६००वा भाग) विसरा. त्या हिशेबाने तारा पावणेपाच प्रकाशवर्षांवर येत होता. गाया या अवकाश दुर्बिणीचा आकडा ०.५४७, म्हणजे जवळजवळ सहा. महिनाभर गणितच उसवत बसलो. निजगती (ताऱ्याचं स्वतःचं आकाशातलं सरकणं) वजा करताना चिन्ह चुकलं? नाही, आणि ती तर वर्षाला १०.४ सेकंद, जवळपास सगळी उत्तरेकडे. माझा घोळ पूर्व-पश्चिम होता. कोलिमेशन (आरशांची जुळणी) दोनदा केलं, दुर्बिणीच्या माउंटला शिव्या घातल्या.

शेवटी मेमधल्या एका बऱ्या रात्री फोंड्याच्या गच्चीवरून त्याचा भुजंगधारी तारकासमूह वर आल्यापासून पहाटेपर्यंत सलग फ्रेम्स घेतल्या. एका रात्रीत पॅरलॅक्स फार तर शतांश सेकंद बदलणार. माझा तारा ०.४ सरकला!

वातावरण निळा प्रकाश जास्त वाकवतं, तांबडा कमी. आपला तारा लाल बटू, शेजारी बहुतेक पांढरे. शेजारी वर उचलले जातात, हा खाली राहतो; पूर्वेला खाली म्हणजे पूर्वेकडे, पश्चिमेला पश्चिमेकडे. मार्चच्या फ्रेम्स पहाटे तीनच्या, पूर्वेला. ऑक्टोबरच्या संध्याकाळी साडेसातच्या, पश्चिमेला. आणि खरा पॅरलॅक्सही मार्चमध्ये पूर्वेकडे, ऑक्टोबरमध्ये पश्चिमेकडेच ढकलतो. चूक बरोबर त्याच्याच अंगावर चढून बसली होती.

उपाय म्हणून लाल फिल्टर मागवला. दुकानदाराने दोन इंची पाठवला, माझा धारक सव्वा इंची. परत पाठवलाय, पाऊस सुरू झाला तरी पत्ता नाही.

...इथपर्यंत लिहिलं आणि सुचलं, फिल्टर हवाच कशाला? गायाच्या यादीत ताऱ्यांचा रंगही असतो. तुलनेला फक्त तांबडे तारे धरायचे! जेवण गार होऊ दिलं आणि जुन्याच फ्रेम्सवर अकरा तांबड्या ताऱ्यांनिशी गणित पुन्हा केलं. ०.५७! म्हणजे ५.७ प्रकाशवर्षं. अ‍ॅस्ट्रोइमेजजे हे सॉफ्टवेअर दिसायला कितीही जुनाट असो, ताऱ्याचं केंद्र काढण्यात त्याच्यावर माझा अजून भरवसा आहे. खगोलशास्त्रज्ञ बेसेलने १८३८ मध्ये ६१ हंस या ताऱ्याचा पॅरलॅक्स ०.३१४ काढला होता, खरा ०.२८६. मी टक्केवारीत त्याच्यापुढे आहे, हे आज घरात तीनदा सांगून झालं. (त्याच्याकडे गाया नव्हतं, हे कोणी विचारलं नाही.)

उरलेला ०.०२ बहुधा रंग तंतोतंत न जुळल्याचा. पुढच्या मार्चमध्ये पाचनंतरच्या फ्रेम्स घेईन, पोदेराचा (पाववाल्याचा) पोंपों वाजायच्या आत. तेव्हा तारा मध्यमंडलाजवळ, म्हणजे आकाशाच्या उत्तर-दक्षिण मध्यरेषेजवळ असतो. ऑक्टोबरात मात्र अंधार पडेपर्यंत तो पश्चिमेला कललेलाच, तिथे फिल्टर लागेलच. चवथीनंतर आकाश उघडलं तर सप्टेंबरअखेरच एक प्रयत्न करीन. तोवर आरसा सिलिका जेलच्या डब्यात. गेल्या पावसाळ्यात दुय्यम आरशावर बुरशी आली होती.