ओव्या पुन्हा छापताना

फादर थॉमस स्टीफन्स यांचं क्रिस्तपुराण, म्हणजे ख्रिस्ताची ओवीबद्ध कथा, १६१६ साली गोव्यातल्या रायतूरला छापलं गेलं, मराठीत पण रोमन लिपीत. अशा ग्रंथातला एखादा भाग सोलापुरातून दोनशे प्रतींत काढायचा असेल, तर खरी मेहनत लिप्यंतरात. त्या रोमन लेखनात एक्स म्हणजे श, दुहेरी टी म्हणजे ट, एकेरी म्हणजे त. घाईत एक टी सुटला की ‘पाट’चा ‘पात’ होतो आणि मुद्रितशोधकालाही तो खटकत नाही, कारण दोन्ही शब्द खरेच. म्हणून एकाने मूळ मोठ्याने वाचावं, दुसऱ्याने नवं तपासावं.

जुन्या प्रार्थनापुस्तकांच्या फायली हाती आल्या, तर त्या बहुधा युनिकोड या आजच्या सार्वत्रिक अक्षरसंकेताच्या आधीच्या फॉन्टमध्ये असतात. त्यात पहिली वेलांटी अक्षराआधी साठवलेली असते. रूपांतरात ती शेजारच्या अक्षरावर जाऊन बसते. रफाराचं रडगाणं तेच.

दोनशे प्रतींना ऑफसेटच्या प्लेटा परवडत नाहीत, डिजिटलच बरं. ओवी दोन पानांत तोडू नका, पान थोडं रिकामं राहिलं तरी चालेल.

बांधणीत मात्र काटकसर नको. पंचांगांच्या सोलापुरात शिवणारे बाइंडर अजून मिळतात. नुसत्या गरम गोंदाची पाठ एप्रिल-मेच्या चाळिशीपार उन्हात सैल पडते, पानं सुटतात. सोळा-सोळा पानांचे फर्मे, म्हणजे दुमडलेले गठ्ठे, दोऱ्याने शिवून घ्या, कागदातल्या तंतूंची दिशा पाठीला समांतर ठेवा.

प्रार्थनापुस्तक असेल तर बिशपांची अनुमती छपाईआधीच घ्या. ती आतल्या पानावर छापावी लागते. आयएसबीएन, म्हणजे पुस्तकाचा आंतरराष्ट्रीय क्रमांक, फुकट मिळतो.