आमची वाटचाल : वही ते व्हाउचर

एकांकिका स्पर्धांतून टीव्हीत येणाऱ्या पोरांपैकी मी एक. 'फू बाई फू' गाजत होतं, त्यामुळे जिकडेतिकडे स्किट हवं असायचं. सात मिनिटं, तीन पात्रं, शेवटी पंच, म्हणजे हशा काढणारं वाक्य. गुरुवारी टीआरपी यायचा आणि शुक्रवारी रायटरची अक्कल निघायची. एका निर्मात्याकडे तेरा एपिसोडचं मानधन बुडालं. (नाव सांगत नाही, दिवाळीला अजून फराळ पाठवतो तो.) तेव्हा माझ्या एकांकिकांचे लाइट करणारा मित्र म्हणाला, "बुडायचंच तर स्वतःच्या होडीतून बुडू." ठाण्यात त्याच्या काकांच्या बंद पडलेल्या झेरॉक्सच्या दुकानात आमची निर्मितीची फर्म सुरू झाली.

कागदावर 'दारात वरात येते' लिहायला तीन शब्द लागतात. निर्माता झाल्यावर त्या तीन शब्दांत मला बारा ज्युनिअर आर्टिस्ट, त्यांचे फेटे, नाश्ता आणि लांबलेली शिफ्ट दिसायला लागली. त्यात बिल लावलं की 18 टक्के जीएसटी पुढच्या महिन्याच्या 20 तारखेला भरायचा. चॅनलचे पैसे मात्र तीन महिन्यांनी. लाइटमन, सेटवर चहापाणी बघणारे स्पॉटदादा तेवढे थांबणार नाहीत, थांबूही नये त्यांनी. पहिल्या सीझनला मित्राने स्वतःचे लाइट विकले. पुढे तेच लाइट आम्ही भाड्याने आणायचो.

2021च्या एप्रिलमध्ये कोरोनामुळे महाराष्ट्रात शूटिंग पुन्हा बंद झालं. बऱ्याच मालिका गोव्याला गेल्या, त्यांच्या मागोमाग आम्हीही पंचवीस माणसं घेऊन गेलो. मे महिन्यात गोव्यानेही परवानगी काढून घेतली. अर्धा रंगवलेला सेट तिथेच सोडला. येताना बसमध्ये कोणी बोलत नव्हतं, मेकअपदादा तेवढे काजू वाटत होते.

विनोदाबद्दल मात्र आम्ही हट्टी राहिलो. स्किटच्या वाचनाला आमचा स्पॉटदादा बसतोच. बाकीचे सगळे एकमेकांची मनं राखायला हसतात, तो राखत नाही. एडिटला लाफ्टर चिकटवता येतो, आम्हीही चिकटवतो. पण चिकटवलेला हशा शहाण्यासारखा वाक्य संपल्यावर येतो. खरा हशा नटाचं पुढचं वाक्य खाऊन टाकतो.

आता आमच्याकडे चार रायटर आहेत. मानधन एपिसोड शूट झाला की त्याच आठवड्यात, चॅनलचे पैसे येवोत न येवोत. मित्र यावरून अजून कुरकुरतो. गेल्या महिन्यात सगळ्यात धाकटीने स्किट आणलं, त्यात बँडवाले. मी सवयीने म्हटलं, "बँड बाहेर वाजू दे, आत फक्त आवाज येऊ दे." ती म्हणाली, "सर, पंच बँडवाल्याचा आहे."

मी स्पॉटदादाकडे बघितलं. तो आधीच हसत होता. एक बँडवाला मंजूर केला, फेट्यासकट.