काजळी

भाऊबीज झाली आणि दुसऱ्याच पहाटे मी गावच्या दिंडीत चालायला लागलो. आमचं गाव निपाणी तालुक्यातलं. कार्तिकीला इथून निघालेली दिंडी चिकोडी, अंकली, मांजरी, कागवाड करत मिरजेच्या वाटेला लागते. लहानपणी आजोबांचा हात धरून दोनदा गेलो होतो. यंदा रजा टाकून निघालो, त्याला कारण होतं. एक गोष्ट अडली होती.

मी मराठी शाळेत शिकवतो. मुलांसाठी वर्षभर एक लांबलचक कल्पित गोष्ट लिहितोय. तिच्यात घाटमाथ्यावर विद्वानांचा एक मठ आहे. तिथले लोक लढत नाहीत, राज्य करत नाहीत. जन्मभर उजेडाचा अभ्यास करतात. काजव्याचा उजेड, शेणीच्या निखाऱ्याचा उजेड, पाण्यावरून उसळून भिंतीवर थरथरणारा उजेड, प्रत्येकाची त्यांनी वेगळी पोथी मांडलीय. या विद्येच्या बळावर ते आटलेल्या विहिरीत सकाळ उतरवतात. हरवलेल्या माणसाची सावली शोधतात आणि तिच्या मागोमाग माणूस घरी आणतात. मुलं जीव लावून ऐकायची. मग एकदा सहावीतल्या एका मुलीनं विचारलं, "सर, मंत्र म्हटला की उजेड पडतो ना? मग ते एवढा अभ्यास कसला करतात?"

मला उत्तर देता आलं नाही. त्या दिवसापासून एक ओळ पुढं सरकली नव्हती.

दारांवरचे आकाशकंदील अजून उतरले नव्हते. आमच्या भागात या दिवसांत उसाची तोड सुरू झालेली असते, त्यामुळं पहाटेपासून रस्त्यावर ट्रॉल्यांची रीघ. दिंडी एका कडेनं, टाळ जपून. चिकोडीच्या पुढं पायाला फोड आले, दुसऱ्या दिवशी ते फुटले, तिसऱ्या दिवशी त्यांची आठवण राहिली नाही.

अंकलीत मात्र पाय आपोआप थांबले. आळंदीहून आषाढीला माउलींची पालखी निघते तिच्यासोबतचे मानाचे अश्व याच गावच्या शितोळे सरकारांचे. हैबतबाबा आरफळकरांनी 1832 साली पालखी सोहळ्याला आजचं रूप दिलं, तेव्हापासूनचा हा मान. दोन घोडे असतात. एकावर जरीपटका घेतलेला स्वार, दुसऱ्याच्या पाठीवर कुणीच नाही, कारण तिथं माउली बसलेले असतात. दिसत नाही त्याच्यासाठी एवढी वर्षं पाठ मोकळी ठेवायची आणि त्या मोकळ्या पाठीपुढं लाखोंनी वाकायचं, यापुढं माझ्या गोष्टीतले चमत्कार मला फार किरकोळ वाटले. माझ्या मठातल्या थोरल्या गुरूचं आसन मी त्याच दिवशी मनातून रिकामं केलं.

पूल ओलांडून मांजरीत एका दारी पाणी प्यायलो. तिन्हीसांजा झाल्या होत्या. घरातली म्हातारी आमच्याशी मराठीत बोलत होती, तशीच वळून नातवाला कानडीत म्हणाली, "दीपा हच्चो." पोरानं तुळशीपाशी पणती लावली. तेव्हा ठरवलं, मठातल्या पोथ्या दोन भाषांत असणार.

आमच्या दिंडीत वीणेकऱ्याच्या पुढं एक कंदील चालतो. बॅटऱ्या सगळ्यांकडं आहेत, तरी तो चालतो. तो धरणारी आजी सत्तरीच्या पुढची. कंदील तिच्या सासऱ्यांचा. रॉकेल हल्ली मिळायची मारामार, म्हणून बाटली टेम्पोत धान्याच्या पोत्यांमध्ये जपून ठेवलेली. मांजरी सोडल्यावर पहाटे तिनं तो थोडा वेळ माझ्या हातात दिला. उजेड मंद वाटला म्हणून मी चावी फिरवून वात वर घेतली. ज्योत क्षणभर भडकली, टोकाला लाल झाली आणि धूर सोडायला लागली. दहा पावलांत काच वरपासून काळी झाली. समोरून उसाची ट्रॉली आली तेव्हा वीणेकरी माझ्या मागं चाचपडत होते आणि कुणीतरी त्यांना दंडाला धरून कडेला ओढलं. माझे हात गार पडले.

आजी रागावली नाही. वात खाली केली आणि म्हणाली, "मास्तर, वात वर केली म्हंजे उजेड वाढत न्हाई. काजळी वाढती."

कागवाडला मुक्कामावर तिनं मला समोर बसवलं. काच गार होईपर्यंत हात लावू दिला नाही. तापल्या काचेला ओला हात लागला की तडकते. मग चुलीतली राख चाळून घेतली, चिमूटभर चिंधीवर, चिंधी दोन बोटांवर गुंडाळलेली. काचेच्या तोंडातून माझी मूठ जात नव्हती, तिची जात होती. आतून गोल गोल, न दाबता. मग तोंडाजवळ धरून वाफ सोडायची, कोरड्या सुती फडक्यानं पुसायचं, पुन्हा वाफ. शेवटी वातीचं जळकं टोक चिमटीनं सरळ खुडलं. वाकडं राहिलं तर ज्योतीला शिंग फुटतं आणि एका अंगाला काळं धरतं.

रात्री वाचनाला ज्ञानेश्वरीचा चौथा अध्याय होता. 'मी अविवेकाची काजळी । फेडुनि विवेकदीप उजळीं । तैं योगियां पाहे दिवाळी । निरंतर ॥' ही ओवी मी वर्गात कितीदा शिकवलीय. फळ्यावर 'दिवाळी' खाली रेघ मारायचो. 1290 सालच्या त्या शब्दांतला 'फेडुनि' मला त्या रात्री पहिल्यांदा ऐकू आला. दिवा आहेच. आधी काजळी फेडायची आहे.

झोप आली नाही. पहाटे देवळात काकडा झाला, तुपात भिजलेल्या वातीचा वास अंगणभर पसरला, तेव्हा मी ओसरीवर बसून वही उघडली. मठात आलेल्या नव्या मुलांना पहिली बारा वर्षं मंत्र मिळत नाही. मिळते राख, चिंधी आणि एक काच. सांजेला गुरू ती काच डोळ्यांपुढं धरतात, आणि तिच्यातून पलीकडच्या डोंगरावरचं गवताचं पातं दिसलं तरच त्या मुलाच्या हाती दिवा येतो. विहिरीत सकाळ उतरते ती त्या बारा वर्षांमुळं.

आजी उठून आली. काल मी पुसलेली दुसरी काच तिनं काकड्याच्या उजेडात धरून हळूहळू फिरवली.

"हितं ऱ्हायलंय," म्हणाली, आणि काठाशी बोट ठेवलं.