तुम्ही विचारलंत म्हणून: मुदत वाढवून घेऊ का?

"मॅडम, घराच्या कर्जाचा हप्ता जड जातोय. मुदत वाढवून घेऊ का?"

आठवड्यातून एकदा तरी हा प्रश्न माझ्याकडे येतो. सोलापुरातल्या एका कनिष्ठ महाविद्यालयात मी सत्तावीस वर्षं पुस्तपालन शिकवलं. ज्यांना रोजकीर्द आणि खतावणी शिकवली ती मुलं आता पस्तीस-चाळिशीला आलीत. कुणी टॉवेलच्या कारखान्यात हिशेब बघतं, कुणी शिक्षक झालंय, कुणी होटगी रोडला दुकान टाकलंय. घर घ्यायची वेळ आली की बँकेचं मंजुरीपत्र घेऊन येतात, आणि सगळ्यांचं बोट हप्त्याच्या आकड्यावर असतं. तोंडी सांगताना अर्धं राहून जातं, म्हणून एकदा नीट लिहून काढते.

माझं उत्तर आहे, नको. ओढाताण करून का होईना हप्ता निघत असेल, तर मुदतीला हात लावू नका. घर शेवटी केवढ्याला पडलं हे मुदत ठरवते.

२५ लाख कर्ज आणि ८.५ टक्के व्याज धरा. जुळे सोलापूर, विजापूर रोड या बाजूला फ्लॅट घेणारी माझी बरीच मुलं साधारण एवढंच कर्ज काढतात. वीस वर्षांची मुदत घेतली तर हप्ता बसतो २१,६९६ रुपये. तीस वर्षांची घेतली तर १९,२२३. महिन्याला अडीच हजार सुटतात, आणि नव्या संसारात अडीच हजार ही लहान रक्कम नव्हे, हे मला कळतं. पण वीस वर्षांत बँकेला एकूण ५२ लाख जातात आणि तीस वर्षांत ६९ लाख. महिन्याचे अडीच हजार सोडवायला सतरा लाख मोजायचे. उलट पंधरा वर्षांची मुदत झेपली तर हप्ता २४,६१८ होतो, वीस वर्षांच्या हप्त्यापेक्षा २,९२२ रुपये जास्त, आणि ४४ लाख ३१ हजारांत कर्ज फिटतं. पावणेआठ लाख वाचले.

असं का होतं? व्याज दर महिन्याला शिल्लक मुद्दलावर लागतं, आणि सुरुवातीला जवळजवळ सगळंच मुद्दल शिल्लक असतं. वीस वर्षांच्या कर्जाच्या पहिल्या हप्त्यातले १७,७०८ रुपये व्याजात जातात, मुद्दल कमी होतं ते ३,९८८ ने. पाच वर्षांत तेरा लाख भरून होतात आणि कर्ज अजून बावीस लाखांवर उभं असतं. दहा वर्षं भरलं, मुदत निम्मी सरली, तरी बाकी साडेसतरा लाख. कर्ज निम्म्यावर यायला चौदावं वर्ष उजाडतं. यात बँकेचं कपट काही नाही, बारावीच्या मुलालाही मांडता येईल असा हा हिशेब आहे. पण मंजुरीपत्रावर सही करताना तो कुणी मांडून दाखवत नाही.

एका घरातली गोष्ट सांगते, त्यांना विचारूनच. सोलापूरच्या पूर्व भागातला माझा एक विद्यार्थी. आईने विड्या वळून शिकवलं. एका खोलीत सहा माणसं वाढलेली, त्यामुळे स्वतःचं घर हे त्याच्यासाठी काय होतं ते वेगळं सांगायला नको. फेब्रुवारी २०२२ मध्ये त्याने २५ लाखांचं कर्ज घेतलं, ६.७५ टक्क्यांनी, वीस वर्षांसाठी. हप्ता १९,००९. तेव्हा रेपो दर ४ टक्के होता, म्हणजे रिझर्व्ह बँक इतर बँकांना ज्या दराने पैसे देते तो दर. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराची नवी गृहकर्जं अशा बाहेरच्या दराशी जोडावी लागतात आणि तीन महिन्यांतून एकदा तरी व्याज त्याप्रमाणे बदलावं लागतं. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने सहा वेळा वाढवून रेपो ६.५ टक्क्यांवर नेला. याचं व्याज ९.२५ वर गेलं. हप्ता मात्र १९,००९ च राहिला, म्हणून घरात कुणालाच काही कळलं नाही.

एप्रिल २०२३ चा शेवटचा आठवडा. ऊन मी म्हणत होतं. आई आणि मुलगा दोघं खातेउतारा घेऊन आले, कारण त्याला आयकरासाठी काहीतरी विचारायचं होतं. मी सवयीने फूटपट्टी शेवटच्या ओळीखाली ठेवली. हप्ता १९,००९. व्याज १९,००३. मुद्दल ६.

"प्रिंटिंगची चूक असेल ना, मॅडम?" तो म्हणाला.

मी वरच्या ओळींवरून पट्टी सरकवत नेली. वर्षापूर्वी मुद्दलात पाच हजारांच्या आसपास जात होते. मग ३,१९८, मग १,२०१, मग ५०८. चूक नव्हती. त्याच्या आईला आकडे वाचता येत नाहीत, पण विडीची मजुरी दर हजार विड्यांमागे मिळते, हिशेबात तिला कुणी फसवू शकत नाही. तिने विचारलं, "सहा रुपये फिटायला एकोणीस हजार भरले व्हय?"

त्या प्रश्नाला मी काय उत्तर देणार? हप्ता तोच ठेवायचा आणि व्याज वाढवायचं, तर वाढ जिरणार कुठे? मुदतीत. मुदत लांबत जाते आणि एक वेळ अशी येते की हप्ता व्याजालाही पुरत नाही. तो त्या टोकाला येऊन ठेपला होता. वीस वर्षांतच कर्ज संपवायचं तर हप्ता २३,०७१ करावा लागणार होता, महिन्याला चार हजार बासष्ट जास्त. त्याने संध्याकाळी दुसऱ्या एका कारखान्याचे हिशेब लिहायला घेतले आणि मे महिन्यापासून तो हप्ता सुरू केला.

आता नियम थोडा बरा आहे. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने बँकांना सांगितलं की दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की थोडं थोडं दोन्ही, हे कर्जदाराला विचारा, मुदत किंवा हप्ता बदलला तर ताबडतोब कळवा. कळवणं म्हणजे बऱ्याचदा मोबाईलवर आलेला एक इंग्रजी मेसेज. तो पुसून टाकू नका.

हे सगळं मी इतक्या कळवळ्याने का सांगते? माझं स्वतःचं असंच झालं होतं. २००६ च्या सुरुवातीला आम्ही सहा लाखांचं कर्ज काढलं, ८.५ टक्के, पंधरा वर्षं, हप्ता ५,९०८. बँकेचं नाव लिहीत नाही, त्या काळात सगळीकडे तीच रीत होती. २००८ च्या दिवाळीच्या आधी व्याजाचा दाखला घ्यायला गेले, तेव्हा दर ११.५ वर गेल्याचं कळलं. उरलेले हप्ते दीडशेच्या आत असायला हवे होते. पडद्यावर आकडा होता २६७. एकही पत्र आलं नव्हतं. मी रोज वर्गात घटत्या बाकीवरचं व्याज शिकवत होते आणि अडीच वर्षं स्वतःचा उतारा मागितला नव्हता. त्या दिवशी घरी येताना पार्क चौकात मी बराच वेळ नुसती उभी होते.

त्यानंतर दरवर्षी पगारवाढ झाली की आम्ही हप्ता वाढवला, भिशी लागली की ती मुद्दलात भरली. तेव्हा आधी पैसे भरले म्हणून दोन टक्के दंड घ्यायचे, तोही दिला. २०१२ मध्ये रिझर्व्ह बँकेने फ्लोटिंग दराच्या गृहकर्जावरचा हा दंड बंद करायला लावला. आज तुम्ही व्यक्ती म्हणून घेतलेल्या अशा कर्जात कधीही जादा पैसे भरा, बँक एक रुपया मागू शकत नाही. हे माहीत नसलेली माणसं अजून भेटतात, आणि फार वाईट वाटतं.

जादा पैसे कधी भरता याला फार महत्त्व आहे. वरचंच २५ लाखांचं वीस वर्षांचं कर्ज घ्या. दुसऱ्या वर्षाच्या शेवटी एक लाख जादा भरले तर शेवटचे जवळजवळ वीस हप्ते गळतात. तेच एक लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरले तर सातच. लोक उलटं करतात. सुरुवातीची वर्षं फर्निचर, गृहप्रवेश, गाडी यांत जातात आणि कर्ज संपत आल्यावर "आता उरकून टाकू" म्हणून पैसे भरतात. दिवाळीच्या बोनसमधून वर्षाला फक्त एक हप्ता जास्त भरत गेलात तरी वीस वर्षांचं कर्ज सोळा वर्षं आठ महिन्यांत संपतं आणि व्याजाचे पाच लाखांहून जास्त वाचतात. पैसे भरताना एक अर्ज द्या: हप्ता तोच ठेवावा, मुदत कमी करावी. पोच घ्या.

बाकीचे खर्च भराभर सांगते. कर्जाबरोबर गळ्यात घातला जाणारा एकरकमी विमा कर्जातच मिळवला तर त्यावरही वीस वर्षं व्याज चालतं. ८०,००० चा विमा ८.५ टक्क्यांनी १ लाख ६६ हजारांना पडतो. विमा जरूर घ्या, पण वेगळा, साधा टर्म, म्हणजे मुदतीत मृत्यू झाला तरच पैसे देणारा. इमारत बांधून होईपर्यंत फक्त व्याज भरत असाल तर त्या काळात मुद्दल एक पैशानेही हलत नाही. "व्याजावर कर वाचतो" हे जुन्या करप्रणालीतलं बोलणं आहे. नवीन करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजाची ती सवलत मिळत नाही, आणि माझी बहुतेक मुलं आता नवीनमध्येच आहेत. शिवाय आपल्या सोलापूरचा खर्च, पाणी. नळाला चार-पाच दिवसांनी पाणी येणाऱ्या शहरात टाकी, बोअर, उन्हाळ्यातला टँकर हे सगळं हप्त्याच्या शेजारी लिहूनच घर झेपतं का ते बघा.

आता दुसरी बाजूही सांगायला हवी. वीस वर्षांत २५ लाखांवर २७ लाख व्याज ऐकून काही जण घरच नको म्हणतात. तसं माझं म्हणणं नाही. पगार वाढत जातो, दर स्थिर राहिला तर हप्ता तिथेच राहतो, आणि आज कंबर मोडणारे एकवीस हजार दहा वर्षांनी तेवढे जड वाटत नाहीत. भाडंही दरवर्षी वाढतंच. एका खोलीत वाढलेल्या माणसाला स्वतःच्या दाराची किंमत व्याजाच्या तक्त्यात बसवून दाखवायला मी जाणार नाही.

मुदत वाढवावीच लागते अशी वेळही येते. नोकरी गेली, घरात आजारपण आलं, तर हप्ता चुकवण्यापेक्षा किंवा सावकाराच्या दारात जाण्यापेक्षा बँकेत जाऊन मुदत वाढवून मागणं केव्हाही बरं. फक्त त्याच दिवशी कॅलेंडरवर लिहून ठेवा की अमुक महिन्यापासून हप्ता पुन्हा पूर्वीइतका करायचा. म्हणूनच मी सांगते, जवळचे सगळे पैसे मुद्दलात ओतू नका, सहा महिन्यांचे हप्ते बाजूला ठेवा.

कर्ज फिटल्यावरही काम उरतं. आमचं २०१७ मध्ये फिटलं, आणि खरेदीखत हातात पडायला तीन महिने हेलपाटे घातले. डिसेंबर २०२३ पासून नियम आहे: पूर्ण फेड झाल्यावर तीस दिवसांत मूळ कागद परत द्यायचे, बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई. मालमत्ता पत्रकावर किंवा सातबाऱ्यावर बोजा, म्हणजे कर्जाची नोंद चढवली असेल तर तीही आठवणीने कमी करून घ्या.

पूर्व भागातल्या त्या मुलाचं पुढे काय झालं, हे तुम्ही विचारालच. २०२५ मध्ये रेपो चार वेळा उतरून ५.२५ वर आला, आणि २०२६ च्या जानेवारीत त्याचं व्याज ८ टक्के झालं. बँकेने विचारलं, हप्ता कमी करू का? गड्ड्याच्या, म्हणजे आमच्या सिद्धेश्वराच्या यात्रेच्या गर्दीतूनच त्याने फोन केला, मागे भोंगे वाजत होते. मी म्हटलं, तेवीस हजार तसेच राहू देत. रात्री त्याने उताऱ्याचा फोटो पाठवला. हप्ता २३,०७१. व्याज १५,३६५. मुद्दल ७,७०६. बाकी अजून २२ लाख ९७ हजार, पण उरलेले हप्ते १९३ च्या जागी १६४. फोटोत त्या ७,७०६ च्या खाली एक फूटपट्टी ठेवलेली दिसत होती.