अपेंडिक्सचा खडा पाणी पिऊन पडत नाही

सर्जिकल वॉर्डात काम करते त्यामुळे हा प्रश्न माझ्या कानावर सतत पडतो. नातेवाईक सोनोग्राफीचा नाहीतर सीटीचा कागद घेऊन टेबलापाशी येतात, एका ओळीवर बोट ठेवतात, तिथे अपेंडिकोलिथ असं छापलेलं असतं, मोबाईलवर शोधून म्हणजे खडा एवढं त्यांना कळलेलं असतं, आणि मग विचारतात, सिस्टर, खडाच आहे ना, मग औषधानं पडून जाईल की, आमच्या काकांचा पडला होता. काकांचा पडला तो मूतखडा. मूत्रपिंडातून खाली मूत्राशयापर्यंत नळी असते आणि तिथून बाहेर जायला वाट असते, लघवीचा जोर असतो, म्हणून लहान खडा सरकत सरकत पडतो. अपेंडिक्सला अशी पुढे जायला वाटच नाही. मोठ्या आतड्याच्या सुरुवातीला लटकलेली करंगळीएवढी पिशवी ती, एका टोकाला आतड्यात उघडते आणि दुसरं टोक बंद. प्यायलेलं पाणी तिथे जाऊन काही ढकलत नाही. कुळथाचं कढण, पाषाणभेदाचा काढा, आणि कुणीतरी हमखास सुचवतं ती बिअर, यातलं काहीही त्या खड्याला विरघळवत नाही, आणि कुणी विरघळवून देतो म्हणून पुड्या देत असेल तर कृपा करून घेऊ नका.

हा खडा बनतो कसा तर विष्ठेचा छोटासा कण आत अडकतो, त्यावर चिकट द्रव आणि कॅल्शियमचे क्षार थरावर थर बसत जातात आणि तो कडक होतो. बहुतेक वेळा एक सेंटिमीटरच्याही आत असतो. पेरूच्या, टोमॅटोच्या बिया खाल्ल्या म्हणून झालं असं घरोघरी सांगतात, आणि आई बिचारी स्वतःला दोष देत बसते की मीच पोराला पेरू दिला होता. बी अडकल्याच्या नोंदी आहेत पण फार म्हणजे फारच कमी, तेव्हा पोरांना फळं बिनधास्त खाऊ द्या.

खडा तोंडाशी अडकला की खरा त्रास सुरू होतो. आतलं अस्तर द्रव सोडतच राहतं, बाहेर जायला जागा नाही, पिशवी फुगते, आतला दाब वाढतो, रक्त पोहोचेनासं होतं, जंतू वाढतात, आणि शेवटी भिंत सडून फुटते. (प्रत्येक अपेंडिसायटिसमध्ये खडा असतोच असं नाही, लहान मुलांमध्ये तिथल्या गाठी सुजूनही तोंड बंद होतं, आणि कित्येकदा कारण सापडतही नाही.)

सुरुवातीला दुखतं ते बेंबीच्या आसपास. उजवीकडे खाली नाही. हे लक्षात ठेवण्यासारखं आहे कारण आपल्याकडे बेंबीशी दुखलं की बेंबी सरकली म्हणतात आणि ती बसवून देणारं कुणीतरी गावात असतंच. पोट चोळलं जातं, दाबलं जातं, वर एरंडेल पाजतात, गरम पिशवीनं शेकतात. बारा-चोवीस तासांत दुखणं खाली उजवीकडे सरकतं, भूक मेलेली असते, मळमळतं, उलटी होते, बारीक ताप येतो. आत सूज असताना पोट चोळणं आणि जुलाबाचं औषध देणं या दोन्ही गोष्टी धोक्याच्या, फुटण्याची शक्यता वाढते, म्हणून मी नातेवाइकांना हात जोडून सांगते की पोट दुखून भूक गेलेली असेल तर एरंडेल देऊ नका, चोळू नका, खायला प्यायलाही देऊ नका आणि सरळ दवाखान्यात आणा. पेशंट आल्या आल्या आम्ही अजून एक विचारतो, येताना गाडी स्पीडब्रेकरवर आदळली तेव्हा कळ आली का? इंग्लंडमधल्या डॉक्टरांनी २०१२ साली यावर अभ्यास छापलाय, अपेंडिक्सच्या जवळपास सगळ्या पेशंटना स्पीडब्रेकरवर दुखलं होतं. म्हणजे दुखलं तर अपेंडिक्सच असं नाही, पण अजिबात दुखलं नाही तर शक्यता बरीच कमी होते.

एका ऊसतोडीच्या टोळीतला पोरगा आमच्याकडे आला होता, बारा-तेरा वर्षांचा असेल. पोट दुखायला लागून दोन दिवस झाले होते, फडातून कोण घेऊन येणार, मुकादमाला विचारायचं, उचल घेतलेली, कोयता थांबला की पैसे थांबतात. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी पोरगा म्हणाला आता कमी आहे, आईला वाटलं सुटलो. पण तो फुटल्याचा क्षण होता. फुगलेल्या पिशवीतला दाब एकदम उतरतो म्हणून थोडा वेळ बरं वाटतं आणि मग सगळ्या पोटात पू पसरतो. रात्री अंगात ताप, पोट फळीसारखं कडक, तेव्हा आणलं. ऑपरेशनमध्ये अपेंडिक्स निघालं पण खडा त्यात नव्हता, फुटल्यावर बाहेर पडला होता. सरांनी तो शोधला, पोट धुतलं, पुन्हा पाहिलं, खाली ओटीपोटात सापडला. मी सांगते ते यासाठी की लोकांना वाटतं अपेंडिक्स काढलं की संपलं. खडा पोटात राहून गेला तर त्याभोवती पू धरत राहतो, टाके सुकून घरी गेल्यावर आठवड्यांनी महिन्यांनी पुन्हा ताप आणि दुखणं, आणि तो खडा बाहेर काढेपर्यंत ते थांबत नाही. पोरगा बरा झाला पण जखम भरायला वेळ लागला, आणि आईचं काम बुडालं ते बुडालंच. त्या बाईला कुणी निष्काळजी म्हणू नये, तिच्याकडे दुसरा पर्याय काय होता ते आधी बघावं.

गंमत वाटेल अशी नाही पण मला फार विलक्षण वाटणारी गोष्ट म्हणजे अपेंडिक्स काढल्याची जी पहिली नोंद आहे तीही खड्याचीच आहे. १७३५ साली लंडनच्या सेंट जॉर्जेस हॉस्पिटलमध्ये क्लॉडियस अमायंड या सर्जननी अकरा वर्षांच्या एका मुलाच्या हर्नियाचं ऑपरेशन केलं तर हर्नियाच्या पिशवीत अपेंडिक्स सापडलं, त्यात टाचणी घुसलेली आणि टाचणीवर खड्याचं कवच चढलेलं. भूल नव्हती तेव्हा. मुलगा वाचला.

आता ऑपरेशनशिवाय होत नाही का, हा खरा प्रश्न, आणि याचं उत्तर खडा आहे की नाही यावर बरंचसं अवलंबून आहे. बिनफुटलेल्या साध्या अपेंडिसायटिसला नुसत्या अँटिबायोटिकवर बरं करता येतं हे आता मान्य झालंय, ही भानगड थाप नाही. फिनलंडमध्ये ५३० पेशंटवर अभ्यास झाला, त्यात औषध घेतलेल्यांपैकी शंभरात साधारण ३९ जणांचं दुखणं पाच वर्षांत उलटलं, म्हणजे साठएक जणांचं ऑपरेशन टळलं. पण त्या अभ्यासात सीटीमध्ये खडा दिसलेल्यांना घेतलंच नव्हतं! ते अमेरिकेतल्या अभ्यासात घेतले, १५५२ पेशंट होते, २०२० साली निकाल आला. औषधावर ठेवलेल्यांपैकी खडा नसलेल्यांत २५ टक्क्यांचं ९० दिवसांत ऑपरेशन करावं लागलं, खडा असलेल्यांत ४१ टक्क्यांचं, आणि खडा असलेल्यांत गुंतागुंतही जास्त झाली. म्हणून दुखतंय आणि रिपोर्टमध्ये खडा आहे म्हटल्यावर सर्जन ऑपरेशनचाच आग्रह धरतात तो पैशासाठी असं लगेच मनात आणू नका. खडा नसेल, फुटलेलं नसेल, तर मात्र औषधावर ठेवता येईल का हे तुम्ही हक्कानं विचारा, चांगला डॉक्टर नीट समजावून सांगतो.

आणि याच्या उलटही होतं. मुतखड्यासाठी किंवा कमरेसाठी सीटी काढला आणि त्यात सहज अपेंडिक्समध्ये खडा दिसला, दुखत काहीच नाही, सूज नाही. असे लोक घाबरून येतात, उद्या फुटणार का म्हणून झोप लागत नाही. नुसता खडा दिसला म्हणून सरसकट ऑपरेशन करत नाहीत. लक्षणं माहीत करून घ्या, दुखलं तर वेळ न घालवता या आणि येताना तो जुना रिपोर्ट आणा, बास.

काही जण चार-पाच दिवस अंगावर काढून येतात तेव्हा उजवीकडे हाताला गोळा लागतो. शरीरानं आतडी आणि पोटातला पडदा गोळा करून त्या सुजलेल्या भागाला वेढून टाकलेलं असतं. तेव्हा घाईनं कापायला गेलं तर आतड्याला इजा व्हायची भीती, म्हणून सलाईन, अँटिबायोटिक, तो गोळा कमी होतोय का ते रोज मोजणं, पू असेल तर सोनोग्राफीत बघून नळी घालतात. नातेवाईक चिडतात, इतकं दुखतंय आणि ऑपरेशन का करत नाही. पुढे सहा ते आठ आठवड्यांनी काढायचं का ते ठरतं, खडा असेल तर काढण्याकडे कल असतो. चाळिशी उलटलेली असेल तर गोळा बसल्यावर दुर्बिणीनं मोठं आतडं तपासायला सांगतात, ते टाळू नका, कारण आतड्यातल्या कॅन्सरच्या गाठीमुळेही असा गोळा होतो. आपल्याकडे आतड्याचा टीबीही नेमका त्याच जागी होतो. बायकांमध्ये बीजकोषाला पीळ पडला किंवा गर्भ नळीत राहिला तरी तिथेच दुखतं, म्हणून लघवीची प्रेग्नन्सी टेस्ट करतो, लग्न झालेलं नसलं तरी करतो, त्यात कुणाच्या चारित्र्यावर संशय नसतो, जीव वाचवायची तपासणी असते ती.

क्वचित अपेंडिक्समध्ये खडा नसून चिकट पातळ पदार्थ साठून ते फुगतं, म्युकोसील म्हणतात. ते न फोडता अख्खं काढावं लागतं, पोटात सांडलं तर त्यातल्या पेशी पसरून वर्षानुवर्षं पोटात जेलीसारखा पदार्थ तयार होत राहू शकतो. आणि शंभरात एकापेक्षाही कमी पेशंटमध्ये अपेंडिक्सच्या टोकाशी छोटी गाठ निघते, कार्सिनॉइड. एक सेंटिमीटरच्या आत असेल तर बहुतेक वेळा अपेंडिक्स काढलं तेवढ्यावरच काम होतं, दोनच्या वर असेल तर उजव्या बाजूचं आतडंही काढायचा सल्ला देतात.

ऑपरेशन आता बहुतेक ठिकाणी दुर्बिणीनं होतं, तीन छोटी भोकं, साधं असेल तर एक-दोन दिवसांत घरी. फुटलेलं असेल तर मुक्काम लांबतो. गॅस पास झाला का असं आम्ही दहा वेळा विचारतो तेव्हा लाजू नका, आतडी चालू झाली की नाही ते आम्हाला त्यावरूनच कळतं. सरकारी आरोग्य योजनेत बसतं का ते दवाखान्यातल्या आरोग्यमित्राला भरती होतानाच विचारा, रेशनकार्ड जवळ ठेवा.

काढलेलं अपेंडिक्स बायोप्सीला जातं आणि रिपोर्ट काही दिवसांनी येतो, तोवर पेशंट घरी गेलेला असतो. कार्सिनॉइड आणि म्युकोसील बऱ्याचदा याच कागदात पहिल्यांदा कळतं, सोनोग्राफीत दिसलेलंही नसतं. आमच्या कपाटात असे न नेलेले रिपोर्ट पडून असतात, आम्ही फोन करतो तर नंबर बदललेला असतो किंवा टोळी दुसऱ्या कारखान्यावर गेलेली असते. टाके काढायला याल तेव्हा तो रिपोर्ट मागा, सरांना दाखवा आणि घरी फाईलला लावून ठेवा.