तिसरी शिट्टी

गणपतीचं मखर काढायला माळ्यावर चढले आणि खाली आले ती कॅसेटचा डबा घेऊन. मखर राहिलं माळ्यावरच. डबा बिस्किटांचा, पत्र्याचा, त्यात अकरा कॅसेटी. एकीवर बाबांच्या अक्षरात लिहिलेलं : 'आपली आवड, किरकोळ'. 'किरकोळ' हा बाबांचा लाडका वर्ग होता. जादा स्क्रू, जुन्या किल्ल्या, एका हाताचे हातमोजे, सगळं किरकोळ. पण टाकायचं काहीच नाही.

बाबा रेडिओवरून गाणी भरून घ्यायचे. मधे वायरबियर काही नाही. रेडिओ आणि टेपरेकॉर्डर समोरासमोर मांडायचे, स्थळ बघायला आलेल्या मंडळींसारखे. निवेदिका फर्माईशवाल्यांची नावं वाचायला लागली की बाबांची दोन बोटं दोन बटणांवर, आणि आम्ही भावंडं श्वास रोखून. पंखासुद्धा बंद. खोकला आला तर गॅलरीत पळायचं. एवढा बंदोबस्त करूनही स्वयंपाकघरातल्या कुकरला कोण सांगणार? एका भावगीताच्या दुसऱ्या अंतऱ्यात आमच्या कुकरची शिट्टी कायमची जाऊन बसली. आजही ते गाणं कुठे लागलं की त्या जागी मला चुकल्यासारखं होतं. मूळ गाणंच अपुरं वाटतं. हे मी एकदा गाणं शिकलेल्या मैत्रिणीला सांगितलं, तर तिने माझ्याकडे ज्या नजरेने पाहिलं तिचं वर्णन नको.

बाबांच्या ह्या उद्योगाचे लांबचे नातेवाईक मेलबर्नमध्ये आहेत, हे मला भाच्यामुळे कळलं. तो तिथे शिकायला गेला आणि दर रविवारी 'मावशी, हे ऐक' म्हणून काहीबाही पाठवू लागला. बहुतेक वेळा मी ऐकल्याचं नुसतं सांगते. हे मात्र खरंच ऐकलं. बँडचं नाव 'द अ‍ॅव्हलांचेस'. १९९७ च्या सुमाराला ही पोरं गोंगाटी पंक वाजवायची. त्यांचा जपानी ड्रमर सरकारने मायदेशी पाठवला आणि तो कारभार आटोपला. मग ऑप शॉपमध्ये, म्हणजे तिथल्या जुन्या-वापरलेल्या सामानाच्या धर्मादाय दुकानांत, कवडीमोल भावाने मिळणाऱ्या तबकड्या ते उचलायला लागले. कोणालाही नको असलेल्या. त्यातून कुठली एक तान, कुठला ढोलाचा ठेका, कुठलं नुसतं हसणं कापून घ्यायचं आणि दुसऱ्याच कशाला तरी चिकटवायचं. २००० सालच्या अखेरीस 'सिन्स आय लेफ्ट यू' हा त्यांचा अल्बम आला, तो जवळजवळ सगळा अशा तुकड्यांचा. एका गाण्यात घोडा खिंकाळतो, पोपट बोलतो, कॅनडातल्या एका जुन्या विनोदी जोडगोळीचे संवाद मधेच घुसतात, आणि तरी पाय हलतो. मॅडोनाच्या 'हॉलिडे'मधल्या बासचा तुकडाही आहे. तो म्हणे रीतसर परवानगीने.

एकूण तुकडे किती? कोणी ९०० म्हणतं, कोणी ३,५००. करणाऱ्यांनीच धड मोजलेले नाहीत, हे मला फार आवडलं.

आता मी गोधडीची उपमा देणार असं तुम्हाला वाटलं असेल. नाही देणार. गोधडीत आपल्याच घरातली लुगडी असतात. ही आज्जीची, ही आत्याच्या बारशाची, असं बोट ठेवून सांगता येतं. इथे सगळं अनोळखी घरांतून बाहेर पडलेलं. कोणी तरी वारलं, मुलांनी घर आवरलं, खोकं दुकानात नेऊन दिलं. त्या खोक्यातली कुणी गायिका, जिचं नाव तिच्या गल्लीबाहेर गेलं नसेल, ती दोन सेकंदांसाठी जगभरच्या नाचणाऱ्यांच्या कानांत. तिला कोणी विचारलं? वकिलांनी कंपन्यांना विचारलं असेल, ती गोष्ट वेगळी.

दुसरा अल्बम, 'वाइल्डफ्लॉवर', आला २०१६ मध्ये. सोळा वर्षांनी! रॉबी चेटर ह्या मुख्य गड्याचं लांबलेलं आजारपण, मधेच हाती घेतलेलं किंग काँगच्या संगीतनाट्याचं काम, तुकड्यांच्या परवानग्यांचे हेलपाटे. आमच्या सोसायटीचा पुनर्विकास ह्याच गतीने चाललाय, त्यामुळे मला काही विशेष वाटलं नाही. भाचा मात्र ह्या सोळा वर्षांबद्दल असं बोलतो जणू त्यानेच ती काढली. तो तेव्हा चौथीत होता.

खरी गंमत तिसऱ्या अल्बमची. 'वी विल ऑलवेज लव्ह यू', डिसेंबर २०२०. त्याच्या वेष्टनावर एका बाईचा चेहरा आहे, भुतासारखा विरघळत चाललेला. ही अ‍ॅन ड्रुयान. १९७७ साली अवकाशात सोडलेल्या व्हॉयेजर यानांबरोबर पृथ्वीवरचे आवाज आणि गाणी भरून जी सोन्याचा मुलामा दिलेली तबकडी पाठवली, तिचं काम पाहणाऱ्या मंडळींतली एक. त्याच कामात तिचं आणि खगोलशास्त्रज्ञ कार्ल सेगनचं जुळलं, तेही फोनवर, आणि दोनच दिवसांनी तिच्या मेंदूच्या लहरी टिपून त्या तबकडीत घातल्या गेल्या. अल्बमला सूत्र मिळालं ते ह्या हकिकतीचं. भाच्याला ह्यातलं प्रेम दिसलं. मला दिसल्या केसरबाई.

कारण त्याच तबकडीवर आपल्या केसरबाई केरकर आहेत. साडेतीन मिनिटांची भैरवी, 'जात कहाँ हो'. गोव्यातल्या केरीच्या, अल्लादियाखाँसाहेबांच्या शिष्या. ध्वनिमुद्रणाचं त्यांना एवढं वावडं की मागे राहिल्या त्या मोजक्याच तबकड्या. रेडिओलाही त्यांनी लांबच ठेवलं. बाबांचा टेपरेकॉर्डर त्यांच्या मैफलीत शिरला असता तर बाबांसकट बाहेर फेकला गेला असता. केसरबाईंची ही भैरवी शोधता शोधता ड्रुयानबाईंना तिची तबकडी मिळाली कुठे, तर न्यूयॉर्कच्या लेक्सिंग्टन अ‍ॅव्हेन्यूवर एका भारतीय कुटुंबाच्या उपकरणांच्या दुकानात, टेबलाखालच्या धुळकट खोक्यात. म्हणजे किरकोळमध्येच.

व्हॉयेजर-१ निघालं ५ सप्टेंबरला. केसरबाई गेल्या त्याच महिन्याच्या १६ तारखेला, मुंबईत. अकरा दिवसांचं अंतर. रेकॉर्डिंगला नाही म्हणणारा तो सूर आज २,४०० कोटी किलोमीटरच्याही पलीकडे पोचलाय, आणि ज्यांनी हौसेने तासन्‌तास भरून घेतलं त्यांच्या टेपा बुरशीने गेल्या. ह्यातून काही तरी निघतं असं मला कालपासून वाटतंय. काय ते मात्र हाताला लागत नाही.

मी तो अल्बम हेडफोन लावून दोनदा ऐकला. केसरबाई कुठे सापडतात का बघायला. मला नाही सापडल्या. 'मावशी, तू चुकीच्या कारणासाठी ऐकतेस,' असं भाचा म्हणाला. असेल.

संध्याकाळी शेजारच्या काकांकडून टेपरेकॉर्डर मागून आणला. कॅसेट फिरली, हे आधी आश्चर्य. निवेदिका, नावं, खर्र, मग ते भावगीत. दुसरा अंतरा आला. शिट्टी आली. कडव्याच्या शेवटी दुसरी आली, ही माझ्या लक्षातच नव्हती. तिच्यामागून आईचा दबका आवाज, 'झालं का हो तुमचं?' आणि खटकन बटण.

आमच्याकडे डाळीला तीन शिट्ट्या व्हायच्या.