बॅरा बेट, मॅकेन्ड्रिक आणि तो रविवार

ग्लासगोहून स्कॉटलंडच्या पश्चिमेकडच्या बॅरा बेटाला जाणारं छोटं विमान समुद्रकिनाऱ्यावर उतरतं, म्हणजे खरंच ओल्या वाळूवर, भरतीला तिन्ही रनवे पाण्याखाली जातात त्यामुळे टाइमटेबल ओहोटी बघून ठरतं. बहुतेक लोक हे लँडिंग अनुभवायला येतात नाहीतर व्हिस्कीच्या किस्स्यासाठी. मी गेलो होतो दिग्दर्शक अलेक्झांडर मॅकेन्ड्रिकसाठी, ज्याचं नाव आपल्याकडे फिल्म सोसायटीवाले सोडले तर कोणी घेत नाही.

किस्सा थोडक्यात असा. फेब्रुवारी १९४१ मध्ये एसएस पॉलिटिशियन हे जहाज शेजारच्या एरिस्के बेटाजवळ खडकावर चढलं, पोटात व्हिस्कीच्या अडीच लाखांवर बाटल्या! युद्धामुळे बेटांवर घसा कोरडा, मग काय, रातोरात होड्या निघाल्या. बॅरावर राहणाऱ्या लेखक कॉम्प्टन मॅकेन्झीने त्यावर 'व्हिस्की गलोर' ही कादंबरी लिहिली आणि १९४८ च्या उन्हाळ्यात तिच्यावरच्या त्याच नावाच्या पिक्चरसाठी लंडनच्या ईलिंग स्टुडिओचं युनिट इथे आलं. तिथले शूटिंगचे फ्लोअर भरलेले होते म्हणून सगळं इथेच, गावातल्या हॉलमध्ये सेट लावून. मॅकेन्ड्रिकचा पहिलाच पिक्चर, त्यात हवेने पार वाट लावली, शेड्यूल लांबलं, बजेट वाढलं. मी होतो तेव्हाही पाऊस असा आडवा की छत्री उघडण्यात अर्थच नव्हता, कॅमेरावाल्यांची दया आली.

कॅसलबेला पोचलात की आधी दिसतो तो खाडीतल्या खडकावरचा किसिमुल किल्ला आणि मग टेकाडावरचं कॅथलिक चर्च. मागे हेवल डोंगराच्या उतारावर मेरी आणि बाळ येशूचा पांढरा पुतळा. तो बघताना एकदम ट्यूब पेटली. पिक्चरमध्ये गावकरी होड्या ढकलणार तेवढ्यात बाराचे ठोके पडतात, रविवार लागला, आता काम बंद, समोर दारूचं जहाज बुडतंय आणि हे हात चोळत बसलेत. पण इतका कडक रविवार पाळणार प्रोटेस्टंट, बॅरा तर पक्कं कॅथलिक! कादंबरीत एक कॅथलिक आणि एक प्रोटेस्टंट अशी दोन बेटं आहेत, पिक्चरने त्यांचं एकच केलं. आणि मॅकेन्ड्रिक जन्मला बोस्टनला पण वाढला ग्लासगोत, कडक कॅल्व्हिनिस्ट, म्हणजे कर्मठ प्रोटेस्टंट वळणात. हा रविवार त्याला घरचाच.

म्हणूनच असेल, सगळं गाव ज्याला हसतं त्या नियमवाल्या कॅप्टन वॅगेटबद्दल (पिक्चरमधला होमगार्डचा प्रमुख) मॅकेन्ड्रिकला आतून सहानुभूती होती, तर निर्माता डॅनिशेव्स्की गावकऱ्यांच्या बाजूचा. ही ओढाताण पिक्चरला लाभली असं मला तरी वाटतं, नुसती दारूची धमाल असती तर दोन रिळांत संपली असती. पाळण्यात, पन्हळीत बाटल्या लपवायचा सीन भन्नाट आहेच, पण मला वॅगेटचा पडलेला चेहरा जास्त लक्षात राहतो.

पुढे 'द लेडीकिलर्स' (१९५५), मग हॉलिवूडला 'स्वीट स्मेल ऑफ सक्सेस' (१९५७), जो आज लोक डोक्यावर घेतात पण तेव्हा आपटला. एकूण नऊच पिक्चर. १९६७ नंतर एकही नाही, १९६९ पासून कॅलिफोर्नियात फिल्म स्कूलचा डीन, आणि १९९३ मध्ये गेला तोपर्यंत शिकवण्यातच रमला.

जाणार असाल तर एरिस्केची फेरी चुकवू नका, तिथल्या पबमध्ये त्या जहाजातली खरी बाटली ठेवलीय. प्यायला मिळत नाही अर्थात.